कारणांशिवायचे गुण

केरळमध्ये १९५७पासून राज्यस्तरीय शालेय कलोत्सव भरतो. जिल्ह्यातून पहिला येणाराच पुढे जातो. दुसऱ्या क्रमांकाचे पालक आधी शिक्षण खात्याकडे अपील करतात. ते फेटाळलं गेलं, की काही जण थेट उच्च न्यायालयात जातात. मला आधी हा पालकांचा हट्ट वाटे. पण राज्य पातळीवरच्या ग्रेडचे वाढीव गुण शालान्त परीक्षेत मिळतात. मोहिनीअट्टम गुणपत्रिकेत शिरलं, की मागोमाग वकील येणारच.

न्यायालयाने मुद्रा तपासू नयेत, हे मला मान्य आहे. नियम पाळले का, परीक्षक पक्षपाती होता का, एवढंच त्याने पाहावं. नाच कसा झाला, हा प्रश्न मात्र तिथे सुटत नाही. तो समीक्षेचा आहे.

मीही निकाल देतो, पण कारणांसकट. वाचक त्या कारणांशी भांडू शकतो. नुसत्या आकड्याशी कसं भांडणार? अभिनय कुठे उणा पडला, हे परीक्षकांनी दोन ओळींत लिहून द्यावं. त्याने खटले थांबतील असं नाही. पण हरलेल्या मुलीच्या हाती कोर्टाच्या तारखेऐवजी पुढच्या रियाजाचं काम तरी येईल.