एकाच माळेचे मणी? खालिद अब्दल्ला आणि पडद्यावरचा ‘अरब’ माणूस

आज आपण एका नटाबद्दल बोलणार आहोत. पण सुरुवात त्याच्या चरित्रापासून न करता त्याच्या भूमिकांच्या यादीपासून करू.

एक लेबनीज विमान-अपहरणकर्ता. एक अफगाण लेखक. एक इराकी माजी सैनिक. मोरोक्को आणि इराक या दोन्हींशी नाळ असलेला, हरवलेल्या भावाला शोधत फिरणारा एक माणूस. पंधराव्या शतकाच्या अखेरीचा ग्रॅनडाचा सुलतान. आणि एका इजिप्शियन अब्जाधीशाचा मुलगा. ही सगळी माणसं एकाच नटाने उभी केली. त्याचं नाव खालिद अब्दल्ला. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी ‘द क्राउन’मधला डोडी फायेद म्हणून त्याला पाहिलं असेल.

आता ही यादी जरा बारकाईने बघा. देश वेगळे, भाषा वेगळ्या, काळही वेगळा. पण भूमिका वाटणाऱ्याच्या नजरेने पाहिलं तर सगळे एकाच माळेचे मणी. सावळा चेहरा, काळे केस, मुस्लिम नाव, झालं! माझा आजचा मुद्दा एवढाच आहे की खालिदची कारकीर्द म्हणजे या माळेशी घातलेला वाद आहे. तो वाद त्याने मुलाखतींतून घातला असेल, पण मला इथे तो अभिनयातून कसा घातला ते पाहायचं आहे. आणि तो कुठे जिंकला, कुठे हरला, हेही.

थोडी पार्श्वभूमी. जन्म १९८० चा, स्कॉटलंडमधल्या ग्लासगोचा. आईवडील इजिप्शियन. वाढला लंडनमध्ये. घरात राजकारण होतं. आजोबा आणि वडील दोघेही इजिप्तमधल्या सत्तेच्या विरोधात उभे राहिलेले. वडील १९७० च्या दशकातल्या विद्यार्थी चळवळीतले, पुढे ब्रिटनमध्ये डॉक्टर. मुलगा केंब्रिजमध्ये इंग्रजी साहित्य शिकला, मग पॅरिसला फिलिप गोलिए यांच्या नाट्यशाळेत गेला. गोलिए हे विदूषकी आणि खेळकर अभिनयासाठी ओळखले जाणारे गुरू. आणि त्यांच्या या विद्यार्थ्याला चित्रपटात पहिली मोठी भूमिका मिळाली ती अपहरणकर्त्याची. आता बोला!

इथे थोडं मागे जाऊ. इजिप्तमधून पाश्चात्त्य पडद्यावर गेलेला सर्वांत मोठा तारा म्हणजे ओमर शरीफ. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ १९६२ चा. त्यानंतर शरीफ यांनी रशियन डॉक्टर केला, चंगेजखान केला, ऑस्ट्रियाचा राजपुत्र केला, चे गव्हेरासुद्धा केला. म्हणजे ‘परदेशी दिसतो ना, मग कुठलाही चालेल’ हा हिशेब तेव्हाही होताच. पण त्या काळी परदेशी असण्याला एक झळाळी होती. प्रेक्षक शरीफच्या डोळ्यांत प्रणय शोधत होता. ११ सप्टेंबर २००१ नंतर त्याच चेहऱ्यात प्रेक्षक संशय शोधू लागला. खालिदची पिढी या दुसऱ्या काळात आली. हा फरक लक्षात ठेवल्याशिवाय त्याचं काम कळत नाही.

‘युनायटेड ९३’ हा पॉल ग्रीनग्रास यांचा २००६ चा चित्रपट. त्या दिवशी अपहरण झालेल्या चार विमानांपैकी जे पेनसिल्व्हेनियात शेतात कोसळलं, त्याची ही गोष्ट. खालिद झियाद जर्राह झाला आहे, म्हणजे विमानाचा ताबा घेणारा वैमानिक. अशा भूमिकेत नटासमोर दोन सोपे रस्ते असतात. राक्षस करा, किंवा बिचारा करा. खालिद दोन्ही टाळतो. विमानतळावर तो फोनवर जर्मनमध्ये कुणाला तरी प्रेमाचे तीन शब्द सांगतो. मग विमानात बसतो आणि बसूनच राहतो. साथीदार अस्वस्थ होतात, नजरेने विचारतात, चल, कधी? तो उठत नाही. त्या बसून राहण्यात भीती आहे, शंका आहे, की फक्त योग्य क्षणाची वाट आहे, हे खालिद आपल्याला सांगत नाही. घाम, ओठांची हालचाल, खिडकीकडे जाणारी नजर, बस.

काही लोक म्हणतात की खुन्याला असं माणूस करणं म्हणजे त्याला सूट देणं. मला ते पटत नाही. राक्षसाने केलेलं कृत्य आपल्याला काही शिकवत नाही. ज्याला कुणावर प्रेम करता येतं, त्याने हे केलं, ही गोष्ट जास्त भयंकर आहे. खालिदच्या अभिनयामुळे गुन्हा लहान होत नाही, उलट तो आपल्या जवळ येतो. या चित्रपटाबाबत घडलेली एक गोष्ट सांगतो. त्यात दुसऱ्या अपहरणकर्त्याची भूमिका करणारे लुईस अलसमारी हे मूळचे इराकी. न्यूयॉर्कमधल्या पहिल्या खेळाला जायला त्यांना अमेरिकेचा व्हिसा मिळाला नाही. पडद्यावरचा संशय पडद्याबाहेरही संपला नव्हता.

पुढच्याच वर्षी, २००७ मध्ये, ‘द काइट रनर’. खालिद होसैनींची कादंबरी तुमच्यापैकी अनेकांनी वाचली असेल. मोठ्या अमीरची भूमिका खालिदची. त्यासाठी तो काबूलला राहून दरी भाषा शिकला. हे कष्ट मोठे आहेत. पण समीक्षक म्हणून स्पष्ट बोललं पाहिजे: इथे त्याचा संयम त्याच्यावरच उलटतो. पहिल्या भागात दोन लहान मुलं आणि बाबा झालेले होमायून एर्शादी सगळं चैतन्य घेऊन जातात. त्यानंतर येतो तो अपराधीपणाने मिटून गेलेला मोठा अमीर. खालिद तो इतका मिटवतो की मधली काही दृश्यं कोरडी वाटतात. मात्र सासऱ्याच्या जेवणाच्या टेबलावर, घरात आणलेल्या मुलाला कुणी ‘हजारा पोरगा’ म्हणतं आणि अमीर पहिल्यांदा आवाज न चढवता ठामपणे अडवतो, तो प्रसंग बघा. सगळा साठवलेला संयम तिथे कामी येतो.

भाषेचा मुद्दा इथे नीट मांडतो. अरबी म्हणजे एकच अरबी, असं आपल्याला वाटतं. पण कैरोची बोली आणि बगदादची बोली यांत मालवणी आणि वऱ्हाडीपेक्षा कमी अंतर नाही, जास्तच असेल. आणि दरी तर अरबीच नाही, ती फारसीची बहीण. सब घोडे बारा टक्के मानणाऱ्या निर्मात्याला हा फरक ऐकूच येत नाही. खालिदने दरवेळी तो फरक तोंडात आणण्याची मेहनत घेतली. माळेविरुद्धचा त्याचा पहिला वाद हा असा जिभेने घातलेला आहे.

२०१० च्या ‘ग्रीन झोन’मध्ये पुन्हा ग्रीनग्रास, नायक मॅट डेमन. खालिद तिथे फ्रेडी. इराण-इराक युद्धात एक पाय गमावलेला, २००३ मध्ये अमेरिकन सैनिकाला खबर देणारा बगदादी माणूस. अशा चित्रपटांत स्थानिक दुभाषा म्हणजे नायकाची काठी असते. टेकायचं आणि पुढे जायचं. फ्रेडी मात्र चिडतो, पैशाच्या गोष्टीने दुखावतो, आणि शेवटी बंदूक उचलून अमेरिकनांचा सगळा बेत उधळतो. इथे काय व्हावं हे ठरवणारे तुम्ही कोण, असा त्याचा सवाल आहे. चित्रपट डेमनचा, पण तेवढ्या मिनिटापुरता तो फ्रेडीचा होतो.

आता कुणी विचारेल, इजिप्शियन वंशाच्या ब्रिटिश माणसाने अफगाण केला तर बिघडलं कुठे? अभिनय म्हणजे दुसरा होणंच ना? अगदी बरोबर. ‘द क्राउन’मधले मोहम्मद अल-फायेदसुद्धा सलीम दाऊ या पॅलेस्टिनी नटाने केले आणि उत्तम केले. तक्रार दुसऱ्या देशाचा माणूस करण्याबद्दल नाही. तक्रार ही की इंग्रज नटाला कधी डॉक्टर, कधी भूत, कधी रोमन सम्राट अशी मुभा मिळते. आणि या नटाला देश बदलून मिळतो, पण प्रश्न तोच राहतो: तू धोकादायक आहेस की उपयोगी?

या प्रश्नातून बाहेर पडायला खालिद कैरोला गेला. तामेर अल सईद यांचा ‘इन द लास्ट डेज ऑफ द सिटी’ २००८ ते २०१० या काळात चित्रित झाला. खालिद त्यात नायक आहे, निर्मात्यांपैकीही एक आहे. पात्राचं नावही खालिदच. कैरोच्या मध्यवस्तीत राहणारा एक चित्रपटकार. आई आजारी, प्रेयसी देश सोडून चाललेली, नवं घर मिळत नाही, आणि हातातला चित्रपट पुरा होत नाही. गोष्ट म्हणाल तर एवढीच.

त्यात एक प्रसंग आहे. बगदादचा, बैरुतचा आणि बर्लिनला स्थायिक झालेला इराकी असे तीन चित्रपटकार मित्र कैरोला येतात. रात्री गप्पा होतात. राहावं की सोडावं? आपल्या शहराचं काय करावं? बैरुतचा मित्र झालेले बासिम फय्याद हे प्रत्यक्षातही याच चित्रपटाचे छायालेखक आहेत. माझ्या मते खालिदच्या कारकिर्दीतला हा सर्वांत महत्त्वाचा प्रसंग. का? तर जी राष्ट्रीयत्वं त्याला एकेक करून पोशाखासारखी घालायला दिली होती, लेबनीज, इराकी, ती इथे त्याच्यासमोर खरीखुरी बसलेली आहेत. आपापल्या बोलीत भांडताहेत, हसताहेत. माळ तुटली आणि मणी वेगवेगळे दिसले. आणि खालिद काय करतो? ऐकतो. ‘युनायटेड ९३’मधलं ते बसून राहणं इथे पुन्हा येतं, पण आता त्यात धोका शोधायला कुणी बसलेलं नाही.

चित्रीकरण संपलं आणि काही आठवड्यांतच, २५ जानेवारी २०११ ला, इजिप्तमध्ये क्रांती पेटली. ११ फेब्रुवारीला मुबारक पायउतार झाले. खालिद तहरीर चौकात होता. जेहान नुजैम यांच्या ‘द स्क्वेअर’ या २०१३ च्या माहितीपटात तो स्वतः म्हणून दिसतो. लंडनमधल्या वडिलांशी संगणकावरून बोलणारा, परदेशी वाहिन्यांना समजावणारा. या माहितीपटाला ऑस्करचं नामांकन मिळालं. खरं सांगायचं तर त्यातला जिवंत नायक अहमद हसन हा तरुण आहे. खालिद तिथे पुन्हा काहीसा दुभाषा होतो, आणि ते त्यालाही जाणवत असावं असं त्याच्या चेहऱ्यावरून वाटतं. पण पडद्यामागचं काम मोठं आहे. ‘मोसिरीन’ या गटाच्या स्थापनेत तो होता. या गटाने लोकांनी टिपलेली दृश्यं गोळा केली, चौकातच पडदा लावून ती दाखवली, आणि २०१८ मध्ये ८५८ तासांचा संग्रह इंटरनेटवर सर्वांसाठी खुला केला. दुसऱ्याने आपला चेहरा कसा दाखवावा यावर नुसतं न चिडता स्वतःचं दफ्तर तयार करणं, हा वादाचा दुसरा टप्पा.

त्याची किंमतही होती. ‘लास्ट डेज’ २०१६ मध्ये बर्लिनला गाजला, तिथे त्याला कालिगारी पुरस्कार मिळाला. पण त्याच वर्षी कैरोच्या महोत्सवाने तो कार्यक्रमातून काढून टाकला. ज्या शहरासाठी बनवला, त्या शहराच्याच महोत्सवात तो दिसला नाही. आणि त्याच वर्षीच्या ‘असासिन्स क्रीड’मध्ये खालिद सुलतानाच्या झग्यात काही मिनिटं दिसतो. ती भूमिका कुणीही केली असती. वाद हरण्याचे दिवसही असतात.

मग २०२२ आणि २०२३ मध्ये डोडी. आयुष्यभर ‘डायनाच्या गाडीतला तो दुसरा’ म्हणून उरलेला माणूस. मालिकेने त्याला वडिलांच्या महत्त्वाकांक्षेखाली दबलेला मुलगा केलं आहे. खालिद त्याला हळू आवाज देतो, आणि नकार पचवण्याची सवय झालेल्या माणसाचं अवघडलेलं हसू देतो. पण मालिकेचं माप बघा. मृत्यूनंतर डायना दिसते ती राजघराण्याला दिलासा द्यायला. डोडी दिसतो तो फक्त बापाला. शोकातही दोन रांगा! तरी त्या बाप-लेकाच्या प्रसंगात खालिद असं काही करतो की आपल्याला पहिल्यांदा वाटतं, अरे, त्या रात्री हाही मेला होता.

त्यानंतर ‘द डे ऑफ द जॅकल’ या २०२४ च्या मालिकेत तो तंत्रज्ञान-अब्जाधीश उल्ले दाग चार्ल्स झाला. नाव बघा. त्यात अरबपणाचा प्रश्नच नाही. आणि त्याच वर्षी लंडनच्या बॅटरसी आर्ट्स सेंटरमध्ये ‘नोव्हेअर’ हा एकपात्री प्रयोग, ज्यात तो स्वतःच्याच नावाने उभा राहतो. एकीकडे वंशाची अट नसलेली भूमिका, दुसरीकडे कुठलीच भूमिका नाही. वीस वर्षांत नट इथवर आला.

मी त्याला थोर नट म्हणणार नाही. त्याचा पट्टा अरुंद आहे. विनोद पडद्यावर जवळजवळ दिसलाच नाही, आणि गोलिएंच्या विद्यार्थ्याबाबत ही मोठी हळहळ आहे. ती संधी त्याला दिली गेली नाही, हेही तितकंच खरं. पण बसून राहणारा, ऐकणारा माणूस कॅमेऱ्यासमोर इतका प्रामाणिकपणे फार थोडे जण करतात.

जाता जाता एक सुचवतो. ‘युनायटेड ९३’ आणि ‘लास्ट डेज’ लागोपाठ बघा. दोन्हींत तोच चेहरा, तीच शांतता. पहिल्यात आपल्याला भीती का वाटते आणि दुसऱ्यात का वाटत नाही, हे स्वतःला विचारा. त्या उत्तरात नटाचा वाटा किती आणि आपल्या नजरेचा किती, हे ज्याचं त्याने ठरवायचं.