'इकि'ची संरचना आणि विरक्तीचा प्रश्न

एदोकालीन रंगवस्त्यांतील अभिरुचीला कुकी शूझो यांनी 'इकिची संरचना' (१९३०) या ग्रंथात तत्त्वचिंतनाचा विषय केले. शृंगारभाव, बाणेदारपणा आणि विरक्ती हे 'इकि'चे तीन घटक ते मानतात. स्त्रीपुरुषांतील अंतर कमी होत जावे, पण मिटू नये, हे त्यांनी सांगितलेले शृंगारभावाचे मर्म चहागृहातील औपचारिक सलगीला चपखल लागू पडते.

अडचण येते ती तिसऱ्या घटकापाशी. विरक्तीचा उगम रंगवस्तीच्या 'दुःखलोकात' आहे हे कुकी नमूद करतात. पण लगेच तिला बौद्ध अनित्यतेच्या संदर्भात नेऊन तिचे रूपांतर निर्मळ अलिप्ततेत करतात. ही विरक्ती नेमकी कोणाची? मासुदा सायो यांचे १९५७ चे आत्मकथन येथे समोर ठेवावयास हवे. बाराव्या वर्षी सुवा येथील गेइशागृहाला विकली गेलेली, केवळ हिरागाना लिपी जाणणारी ही लेखिका. सोडून देण्याजोगे तिच्या हाती काहीच नाही. आसक्तीचा त्याग करण्यासाठी निवडीचे स्वातंत्र्य लागते, आणि ते पैसे मोजणाऱ्या रसिकापाशी असते. कुकींची संकल्पना त्यामुळे खोटी ठरत नाही. मात्र ती रसिकाच्या आसनावरून घडलेली आहे. (गिओनमधील गेइको आणि उष्णझऱ्यांच्या गावातील गेइशा यांना एकच मानणे, ही सोयही त्याचीच.)