स्नायपर आणि शिंगरू

मिन्स्कमधल्या रस्तेबांधणीची यंत्रं बनवणाऱ्या कारखान्यातून एक ज्येष्ठ हिशेबनीस बाई निवृत्त होत होत्या. वर्तमानपत्रात त्याची छोटीशी बातमी आली. बाई महायुद्धात स्नायपर होत्या आणि त्यांना ११ लष्करी पदकं मिळाली होती, असंही त्या बातमीत होतं. ती वाचून लेखिका स्वेतलाना अलेक्सिएविच यांनी त्या बाईंना, म्हणजे मारिया इवानोव्हना मोरोझोवा यांना गाठलं. १९८५ साली पुस्तकरूपाने आलेल्या आणि इंग्रजीत ‘द अनवुमनली फेस ऑफ वॉर’ या नावाने पोचलेल्या पुस्तकाची सुरुवात या बातमीपासून झाली.

सोव्हिएत युद्धावरची पुस्तकं म्हटली की आघाड्या, डिव्हिजन, रणगाड्यांचे आकडे आणि मार्शल झुकोव्ह यांच्यासारख्यांच्या आठवणी समोर येतात. त्यांची गरज आहेच. स्टालिनग्राड कसं टिकलं हे नकाशाशिवाय समजत नाही. पण सोव्हिएत सैन्यात सुमारे १० लाख बायका होत्या. कुणी वैमानिक, कुणी स्नायपर, कुणी विमानवेधी तोफांवर, कुणी जखमींना पाठीवर घेऊन सरपटणारी, तर कुणी सैनिकांचे रक्ताने ताठरलेले कपडे धुणारी. अलेक्सिएविच त्यांना बोलतं करतात आणि स्वतः बाजूला होतात. प्रत्येक निवेदनाखाली नाव, हुद्दा आणि काम, एवढंच.

मोरोझोवाबाईंच्या निवेदनातले दोन प्रसंग शेजारी ठेवून वाचावेत. पहिल्यात त्या पहिल्यांदा माणूस टिपतात. दुर्बिणीतून तो इतका जवळ दिसतो की शत्रू असला तरी माणूस आहे, हा विचार मनातून हटत नाही. हात कापू लागतात, अंगाला थरकाप सुटतो. असं वर्णन इतर युद्धकथांतही सापडेल. दुसरा प्रसंग मात्र मी दुसरीकडे कुठे वाचलेला नाही. सैन्य वेगाने पुढे सरकलंय, रसद मागे राहिलीय, स्वयंपाकाची गाडी तोफगोळ्याने उडालीय, सगळे सुक्या पावावर दिवस काढतायत. दोन सैन्यांच्या मधल्या मोकळ्या पट्ट्यात एक शिंगरू येतं. देखणं, झुपकेदार शेपटीचं. हुकूम होतो आणि बाई सवयीने नेम धरून गोळी घालतात. ते पाय दुमडून कोसळतं आणि त्याचं बारीकसं खिंकाळणं वाऱ्यावर ऐकू येतं. रात्री स्वयंपाकी स्नायपरचं कौतुक करतो, कारण आज हंड्यात मांस आहे. पण बरोबरच्या मुली जेवणाला हात लावत नाहीत. बाई रडत बाहेर धावतात, मुली मागोमाग येतात, त्यांची समजूत घालतात आणि मग भराभर आपापले डबे उचलून जेवू लागतात.

या प्रसंगाचं सगळं बळ त्या जेवण्यात आहे. हळव्या लेखकाने मुलींना उपाशी झोपवलं असतं. इथे भूक आहे, लाज आहे, मैत्रिणीवरची माया आहे आणि या तिन्ही गोष्टी एकाच डब्यातून पोटात जातात. अलेक्सिएविच त्यावर चकार शब्द काढत नाहीत, तो मोह त्यांनी टाळला याचं मला फार अप्रूप वाटतं.

दुसऱ्या एका घरी नवरा मोठ्या नाखुशीने बायकोला बोलू देतो. जाताना बजावतो, मी शिकवलंय तसं सांग. रडायचं नाही, वेणी कापली तेव्हा वाईट वाटलं वगैरे बायकी गोष्टी नकोत. मागाहून ती कुजबुजते की, काल रात्रभर त्याने माझ्याकडून महायुद्धाच्या इतिहासाचा खंड वाचून घेतलाय. एका स्वयंपाकघरात सरकारी इतिहास आणि जगलेलं युद्ध असे समोरासमोर येतात. आणखी एका घरात नवरा पायदळातला आणि बायको बाल्टिक आरमारातली. तिथे दोघांचं युद्ध इतकं वेगळं आहे की दोघं दोन देशांतून आल्यासारखे वाटतात.

एक खटकतंही. पुस्तक सलग वाचत गेलं की आवाज एकमेकांत मिसळू लागतात. खेड्यातली धोबीण आणि शहरातली डॉक्टर एकाच लयीत थांबतात, एकाच ठिकाणी गहिवरतात. ही लय संकलन करणारीची आहे. म्हणून हे पुस्तक रोज थोडं थोडं वाचावं, एका दिवशी दोन-तीनच बायका.

हस्तलिखित दोन वर्षं प्रकाशनाविना पडून होतं. सोव्हिएत वीरांगनेला तुम्ही साधी बाई करून टाकताय, असा सेन्सॉरचा आक्षेप होता. तेव्हा कापलेला मजकूर पुढच्या आवृत्त्यांत परत आला. त्यात भर उन्हात पायी निघालेल्या मुलींची एक तुकडी आहे. पाळी आलेली, जवळ कापूस नाही, चिंधी नाही. त्यांच्या मागे वाळूवर लाल डाग पडत जातात. मागून चालणारे सैनिक न पाहिल्यासारखं करतात. नदीच्या उतारावर बॉम्ब पडू लागतात तेव्हा पुरुष आडोसा शोधतात आणि मुली पाण्यात शिरतात, अंग स्वच्छ होईपर्यंत बाहेर येत नाहीत. त्यातल्या काही पाण्यातच मरतात. लष्कराने त्यांना बंदूक दिली, पण शरीर बाईचं आहे याची तजवीज केली नाही, हे या एका पानावर जितकं स्पष्ट होतं तितकं आकडेवारीच्या तक्त्यात होणार नाही.

मॉस्कोच्या प्रोग्रेस प्रकाशनाची १९८८ ची इंग्रजी आवृत्ती जुन्या पुस्तकांत मिळाली, तर जरूर घ्यावी. पण वाळूवरच्या त्या डागांसाठी रिचर्ड पिव्हिअर आणि लारिसा वोलोखोन्स्की यांचा २०१७ चा अनुवादच वाचायला हवा.