खरेशास्त्र्यांचा लेखसंग्रह आणि उत्तरकालाचा प्रश्न

साम्राज्याच्या अखेरच्या पर्वाचा इतिहास लिहिणाऱ्यास शेवट आधीच ठाऊक असतो, आणि हीच त्याची मोठी अडचण होय. रोमच्या उत्तरकालाविषयी गिबनच्या ग्रंथाने (१७७६–१७८८) ऱ्हासाची भाषा रूढ केली. ए. एच. एम. जोन्स यांनी १९६४ मध्ये तोच काळ कायदे, करपद्धती व लष्करी व्यवस्था यांच्या आधारे तपासला. पीटर ब्राउन यांनी १९७१ मध्ये त्यात नव्या संस्कृतीची घडण पाहिली. मराठी राज्याच्या उत्तरकालाचा असा फेरविचार करावयाचा, तर वासुदेवशास्त्री खरे यांच्या ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’स वगळून चालणार नाही.

मिरजेस संस्कृतचे अध्यापन करीत खरेशास्त्र्यांनी पटवर्धनांची दप्तरे चाळली व १८९७ पासून हा संग्रह प्रसिद्ध करण्यास प्रारंभ केला. त्यांचे सर्वांत मोठे श्रम कालनिर्णयात आहेत. पत्रावर पुष्कळदा ‘छ’ या खुणेपुढे चंद्र व मुसलमानी महिना एवढेच असते, साल नसते. मुक्काम, मृत्यू, मोहीम यांच्या उल्लेखांवरून वर्ष ठरवावे लागते. ते चुकले की कार्य कारणाच्या आधी येऊन बसते. तेव्हा पत्रांचा नुसता क्रम हाही एक अर्थनिर्णयच आहे. भाषाभ्यासकाने आणखी एक सावधगिरी बाळगावी. मोडीत इकार-उकारांचा ऱ्हस्वदीर्घभेद सहसा पाळला जात नाही. छापील बाळबोध पाठातील ऱ्हस्वदीर्घ त्यामुळे संपादकाचे समजावे, अठराव्या शतकाचे नव्हे. वाक्यरचनेसाठी मात्र हा संग्रह अमोल आहे.

आक्षेप आहे तो प्रास्ताविक कथनाविषयी. ते मुख्यतः व्यक्तींच्या गुणदोषांभोवती फिरते. ‘नाना फडनवीस यांचे चरित्र’ (१८९२) लिहिणाऱ्या लेखकाकडून हे अनपेक्षित नाही. परंतु फौजेचा खर्च, तुंबलेला पगार, कर्ज हे विषय पत्रांतच असताना ते कथनाच्या कडेला राहतात. शिवाय दप्तर एका घराण्याचे आहे. परशुरामभाऊ १७९९ मध्ये पट्टणकुडीच्या लढाईत पडले, पुढे लवकरच सांगली मिरजेपासून विभक्त झाली; घराण्याची ही पडझड वाचकास सहजच राज्याची पडझड वाटू लागते. ज्याच्या नावे राज्य चाले तो साताऱ्याचा छत्रपती येथे दुरूनच दिसतो. साताऱ्यास रेसिडेंट राहिलेल्या ग्रँट डफच्या इतिहासात (१८२६) सातारा जवळ आहे खरा. पण ज्या सत्तेने पेशवाई बुडविली तिचाच तो अधिकारी होता. खरेशास्त्र्यांची पत्रे तो शेवट ठाऊक नसलेल्या माणसांनी लिहिलेली आहेत. म्हणून अभ्यासकाने पत्रे आधी वाचावीत, प्रास्ताविक नंतर.