'प्रथमदर्शनी' : एका शब्दाची चिकित्सा

अटकपूर्व जामीन हा स्वातंत्र्याचा प्रश्न आहे, हे मला मान्य आहे. आमच्या माणसांवर दरोड्याच्या उलट फिर्यादी होतात तेव्हा त्यांनाही तो लागतो. पण स्वातंत्र्य कुणाचे, हे विचारल्यावाचून चर्चा पुरी होत नाही. आरोपी गावात मोकळा फिरू लागला की फिर्यादीचा रोजगार तुटतो, साक्षीदार फुटतात, तडजोडीचे निरोप येऊ लागतात. म्हणूनच १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १८ ने हा जामीन नाकारला. १९९५ साली बलोथिया खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते कलम घटनासंमत ठरविले.

तरीही जामीन मिळतात. ही वाट एका शब्दातून जाते : 'प्रथमदर्शनी'. २० मार्च २०१८ च्या महाजन निकालाने ती रुंद केली. २ एप्रिलला दलित समाजाने भारत बंद पुकारला. त्याच वर्षी संसदेला कलम १८-अ आणावे लागले. २०२० साली न्यायालयाने तेही वैध ठरविले; मात्र प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल तर कलम १८ आड येणार नाही, असेही सांगितले.

माझा आक्षेप या अपवादाला नाही, तो वाचण्याच्या पद्धतीला आहे. प्रथमदर्शनी म्हणजे फिर्यादीतला मजकूर जसा आहे तसा वाचणे. तो खरा की खोटा, हे खटल्यात ठरायचे. प्रत्यक्षात जामिनाच्या टप्प्यावरच साक्षीदारांच्या जबाबांतली तफावत मोजली जाते, राजकीय हेतू शोधला जातो. परांडा तालुक्यातील नोव्हेंबर २०२४ च्या फिर्यादीचे असेच झाले. सत्र न्यायालयाने नाकारलेला जामीन औरंगाबाद खंडपीठाने दिला. १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला आणि जामिनाच्या वेळी छोटा खटला चालविता येणार नाही, असे बजावले.

निकाल स्वागतार्ह आहे. पण फिर्यादीपासून तिथवर नऊ महिने गेले, आणि दिल्ली गाठावी लागली. किती शेतमजुरांना ते जमेल?

येथे एक भेद ध्यानात घेतला पाहिजे. आरोपीने अटी मोडल्या, साक्षीदारांना धमकावले, म्हणून जामीन रद्द होणे वेगळे. जामिनाचा हुकूमच कायद्याला धरून नव्हता म्हणून तो रद्द होणे वेगळे. दुसऱ्या प्रकारात आरोपीचे नंतरचे वर्तन सिद्ध करावे लागत नाही. आपले कार्यकर्ते धमक्यांचे पुरावे गोळा करीत बसतात आणि मूळ हुकूम वाचावयाचे राहून जाते.

२०१५ च्या दुरुस्तीने आलेले कलम १५-अ पीडिताला जामिनाच्या सुनावणीची सूचना मिळण्याचा आणि तेथे म्हणणे मांडण्याचा हक्क देते. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने हा हक्क सक्तीचा असल्याचे सांगितले. तेव्हा लढाई पहिल्या सुनावणीलाच उभी राहिली पाहिजे. त्याही आधी ती फिर्यादीच्या कागदावर उभी राहिली पाहिजे : शिवी कोणती, जागा कोणती, पाहणारे कोण. 'जातिवाचक शिवीगाळ केली' एवढ्या मोघम ओळीवर न्यायालयाला प्रथमदर्शनी काहीच दिसत नाही. आपल्या लोकांचा अपमान नेमक्या शब्दांत नोंदविणे हेही आपल्या लेखणीचे काम आहे.