बावरीचा शाप आणि प्रतीकांचा अर्थपालट

प्रतीक बदलले की कथा बदलते, आणि कथा बदलली की ती ऐकणारा माणूसही बदलतो. म्हणून प्रतीकांत फेरफार करण्याच्या कलेला काहीजण गूढविद्या समजतात. पाली वाङ्मयाच्या अभ्यासकास ही समजूत मान्य करता येत नाही. तिपिटकात असा फेरफार उघडपणे, प्रश्नोत्तरांतून झालेला दिसतो. त्याचे एक उत्तम उदाहरण गोदाकाठाशी निगडित असल्यामुळे परभणी जिल्ह्यातील उपासक-उपासिकांनी ते मुळातून पाहावे, असे आम्हांस वाटते.

सुत्तनिपातातील पारायनवग्गाच्या आरंभीच्या वत्थुगाथांत बावरी नावाच्या ब्राह्मणाची कथा येते. कोसल सोडून तो दक्षिणापथात आला व अस्सकांच्या प्रदेशात गोदावरीतीरी राहिला. महायज्ञात सर्व दान करून तो आश्रमात परतला असता एका ब्राह्मणाने त्याच्याकडे पाचशे नाणी मागितली. ती नाहीत असे कळताच, सातव्या दिवशी तुझ्या मस्तकाची सात शकले होतील, असा शाप त्याने दिला. बावरीने भयाने अन्न सोडले. तेव्हा एका देवतेने त्याला सांगितले की, त्या लोभी माणसाला मस्तक म्हणजे काय हेही ठाऊक नाही आणि त्याचे पतन म्हणजे काय हेही ठाऊक नाही. ते जाणणारा बुद्धच होय. मग बावरीचे सोळा शिष्य पतिट्ठान म्हणजे आजचे पैठण, उज्जेनी अशा मार्गाने तथागतांकडे मगधात गेले.

अजिताने प्रश्न विचारला. तथागतांनी प्रतिशाप दिला नाही की मंत्र दिला नाही. अविद्या हेच मस्तक होय आणि श्रद्धा, स्मृती, समाधी, छंद व वीर्य यांनी युक्त अशी विद्या हीच ते मस्तक पाडणारी होय, असे त्यांनी सांगितले. शब्द तोच राहिला, अर्थ मात्र उलटला. ज्या मस्तकपाताचे भय होते, तोच आता साध्य ठरला. शापाचे सारे बळ शब्दाचा अर्थ एकट्या शापदात्याच्या हाती असण्यात होते. ते बळ येथे संपले.

या गाथांत उणीवही आहे. बत्तीस लक्षणे, मनातल्या मनात विचारलेले प्रश्न, देवतेचे साहाय्य असा अद्भुताचा पेहराव कथेवर चढविलेला आहे. चूळनिद्देसाने पारायनातील प्रश्नांवर भाष्य केले, पण या प्रास्ताविक गाथांवर केले नाही. त्यामुळे त्या उत्तरकालीन असाव्यात, असे अभ्यासक मानतात. पण पेहराव बाजूस सारला तरी मस्तकाविषयीचे उत्तर उणे होत नाही.

हीच कसोटी आपण डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथास लावू. महापरिनिर्वाणानंतर, १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या या ग्रंथात सिद्धार्थ वृद्ध, रोगी, प्रेत व संन्यासी पाहून घर सोडत नाही. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य व कोलिय यांच्यात उद्भवलेल्या युद्धास तो संघाच्या सभेत विरोध करतो, बहुमताने पराभूत होतो आणि कुटुंबावर बहिष्कार येऊ नये म्हणून परिव्रज्या पत्करतो. हा इतिहासाचा विपर्यास आहे, असा आक्षेप घेतला जातो.

आक्षेपकांनी परंपराच नीट वाचलेली नाही. मज्झिमनिकायातील अरियपरियेसनसुत्तात भगवान स्वतःच्या गृहत्यागाविषयी बोलतात, तेथे ही चार निमित्ते नाहीत. दीघनिकायातील महापदानसुत्तात ती विपस्सी बुद्धाच्या चरित्रात येतात आणि जातकांच्या निदानकथेत गोतमाच्या चरित्रात सविस्तर सांगितली जातात. तथापि आपणही प्रामाणिक असले पाहिजे. अट्ठकथांत रोहिणीचा कलह बुद्धत्वप्राप्तीनंतरचा असून तो मिटविणारे स्वतः तथागत आहेत. तो गृहत्यागाच्या आधी आणणे हा बाबासाहेबांनी लावलेला अर्थ होय. एकोणतीस वर्षांच्या पुरुषाने तोवर म्हातारा वा प्रेत पाहिलेच नव्हते काय, हा त्यामागील प्रश्न त्यांनी प्रस्तावनेतच मांडला आहे. पाण्यावरचा हक्क आणि बहिष्कार या दोन्ही गोष्टी १९२७ च्या महाडच्या सत्याग्रहापासून आपल्या समाजाच्या अनुभवातील आहेत. दुःख हे केवळ देहाचे नसून समाजव्यवस्थेचेही आहे, हे त्या बदललेल्या प्रतीकातून वाचकास उमगते.

याउलट बुद्धाला विष्णूचा अवतार ठरविणे हाही प्रतीकाचा फेरफारच होता. त्यात प्रश्न नव्हता, कारण दिलेले नव्हते. विरोधकाला पूज्य करून त्याचा विरोध पुसून टाकणे एवढेच त्यात होते. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे दिलेल्या बावीस प्रतिज्ञांतील पाचवी प्रतिज्ञा म्हणूनच ही कल्पना नाकारते. आमच्या मते फेरफार ग्राह्य की त्याज्य हे दोन गोष्टींवरून ठरवावे: तो कारणे देऊन केला आहे काय, आणि त्याने ऐकणाऱ्याचे भय कमी होते काय.

पाथरी, सोनपेठ, गंगाखेड या तालुक्यांतून वाहणारी गोदावरी पाहून बावरीचा आश्रम आपल्याच गावी होता, असे म्हणण्याचा मोह होईल, तो आवरावा. १० डिसेंबर २०२४ रोजी परभणीत डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्यासमोरील संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली, तेव्हा प्रतीकावरील आघात किती खोल जातो हे या जिल्ह्याने अनुभवले. प्रतिकृतीभोवती पहारा ठेवता येतो. तिच्या अर्थाचे रक्षण वाचनानेच होते. म्हणून वर्षावासातील ग्रंथवाचनात रोहिणीचे प्रकरण येईल, तेव्हा वाचकाने अट्ठकथेतील कथाही सांगावी आणि बाबासाहेबांनी बदल का केला, हा प्रश्न श्रोत्यांपुढे ठेवावा. त्या चर्चेने ग्रंथावरील श्रद्धा डळमळणार नाही, उलट ती विद्येशी जोडली जाईल.