करड्या रंगाचे स्थानांतर

गीतांजली राव यांच्या ॲनिमेशनपटांची वाखाणणी बहुधा त्यांतील रंगसमृद्धीसाठी होते. परंतु रंग किती आहेत, यापेक्षा ते कोणाच्या वाट्याला आले आहेत, हा प्रश्न अधिक मूलगामी आहे.

मुंबईच्या सर जे. जे. इन्स्टिट्यूट ऑफ अप्लाइड आर्टमधून १९९४ साली बाहेर पडलेल्या राव हे तंत्र स्वतःच शिकल्या. कान येथील समीक्षक-सप्ताहात २००६ साली गौरविल्या गेलेल्या ‘प्रिंटेड रेनबो’ या लघुपटाची चित्रे त्यांनी एकटीने रंगविली. त्यातील एकाकी वृद्धेचे घर करड्या छटांत बुडालेले आहे. रंग उगवतो तो तिने जमविलेल्या काडेपेट्यांवरील चित्रांत. फिके वास्तव व रंगीत स्वप्न ही विभागणी सोपी खरी. तथापि एकाच हाताच्या संथ श्रमामुळे तिला सच्चेपणा लाभला आहे.

२०१९ च्या ‘बॉम्बे रोझ’ या पूर्ण लांबीच्या चित्रपटाला अनेक चित्रकारांचे हात लागले. कथानक हिंदी बोलपटाच्या परिचित वळणांनी जाते, आणि फुले विकणाऱ्या कमलाची जागृती व स्वप्न दोन्ही सारखीच रंगीत असल्याने स्वप्नाची निकड मंदावते. मात्र वृद्ध मिस डिसूझा रस्त्याने चालू लागताच भोवतीचे शहर कृष्णधवल होऊन जुनी मुंबई प्रकटते. पूर्वी करडेपण हे वर्तमानाचे दारिद्र्य होते. येथे ते स्मृतीचे ऐश्वर्य झाले आहे. अनेकांच्या हातून काम घेताना एकटीची दृष्टी टिकते काय, या शंकेला या स्थानांतरात उत्तर मिळते.